ऑर्डरप्रमाणे करून मिळेल

1964 सालच्या एप्रिलमध्ये लंडनला एका सिनेमाचं चित्रीकरण जवळजवळ उरकत आलं होतं आणि सिनेमाला अजून नाव नव्हतं. बाकी सगळं होतं. चार हिरो होते, चौघेही विशीच्या आसपासचे, आणि ते दिसले की पोरी किंचाळत रस्त्यावर येत होत्या. रिचर्ड लेस्टर हा जाहिरातींत आणि टीव्हीवर हात बसलेला दिग्दर्शक होता. लिव्हरपूलच्या बोलीची नस सापडलेला अ‍ॅलन ओवेन हा लेखक होता. बहुतेक गाणी तर चित्रीकरण सुरू होण्याआधीच, फेब्रुवारीअखेर आणि 1 मार्चला, रेकॉर्ड करून डब्यात पडली होती. नाव तेवढं सुचत नव्हतं, आणि नाव नाही म्हणून नावाचं गाणंही नव्हतं.

बीटल्सचा हा पहिला सिनेमा. त्यात पैसे घालणाऱ्या युनायटेड आर्टिस्ट्स या अमेरिकन कंपनीला सिनेमाचं फारसं कौतुक नव्हतं. तिचा डोळा होता साउंडट्रॅकच्या एलपीवर. बीटल्सचा रेकॉर्ड कंपनीशी जो करार होता, त्यात सिनेमातल्या गाण्यांच्या तबकडीची बाब सुटून गेलेली होती, हे तिथल्या कुणा चलाख माणसाच्या लक्षात आलं. मग साधारण दोन लाख पौंडांत, कृष्णधवल, झटपट सिनेमा काढायचा आणि जुलैत थिएटरांत लावायचा असं ठरलं. जुलैतच का, तर उन्हाळा संपेपर्यंत हे बीटल्सचं खूळ ओसरलं तर काय घ्या! साठ वर्षं ज्याची आठवण निघते आहे, तो सिनेमा तीन महिने तरी तग धरेल का, याची त्याच्या मालकांना चिंता होती.

आमच्याकडे मिठाईच्या दुकानावर, शिंप्याच्या टपरीवर पाटी असते : ‘ऑर्डरप्रमाणे करून मिळेल.’ साहित्याच्या आणि संगीताच्या प्रांतात मात्र हे वाक्य कुणी अभिमानाने लावत नाही. ‘मागणीवरून लिहिलंय’ असं म्हटलं की ती शिवीच समजायची. खरी कविता आतून यावी लागते, खरी चाल पहाटे उठून सुचावी लागते, अशी आपली समजूत असते. या सिनेमाचं शीर्षकगीत, ‘अ हार्ड डेज नाइट’, मला या समजुतीच्या विरोधातला सगळ्यात भक्कम पुरावा वाटतो. ते चोख ऑर्डरीचं काम आहे. मोजमाप दिलेलं, तारीख ठरलेली, गिऱ्हाईक दारात उभं.

नाव शेवटी रिंगो स्टारच्या तोंडून आलं. दिवसभर राबून झाल्यावर बाहेर पाहतो तर रात्र, तेव्हा बोलता बोलता वाक्याची गाडी मध्येच रुळ बदलून गेली. त्याचं बोलणं असं घसरायचं आणि बाकीचे तिघे ते टिपून ठेवायचे. जॉन लेननने तर हे शब्द आपल्या पुस्तकातल्या एका गोष्टीत आधीच वापरले होते, आणि ते पुस्तक मार्च महिन्यात बाजारात आलं होतं. म्हणजे नाव कधीपासून खिशातच पडलेलं होतं. ते सिनेमाला लावायचं ठरलं आणि निर्माता वॉल्टर शेन्सन जॉनकडे गेला, की आता या नावाचं गाणं पाहिजे.

जॉन आणि पॉल मॅकार्टनी यांच्यात तेव्हा एक न बोललेली शर्यत असायची. पुढच्या तबकडीच्या पहिल्या बाजूला कुणाचं गाणं लागणार? आधीची ‘कान्ट बाय मी लव्ह’ पॉलची होती. जॉन घरी गेला आणि रातोरात गाणं करून आला. शब्द लिहिले ते हाताला लागलेल्या वाढदिवसाच्या कार्डामागे. त्याचा मुलगा ज्यूलियन 8 एप्रिलला एक वर्षाचा झाला होता, त्याला आलेलं ते कार्ड. आज ते ब्रिटिश लायब्ररीत आहे, जुन्या हस्तलिखितांच्या मांदियाळीत. गाण्याचा विषय असा, की मरमर काम करून माणूस घरी येतो आणि घरच्या माणसाला पाहून त्याचा शीण जातो. ज्या पोराच्या कार्डावर हे लिहिलं, त्याच्या वाट्याला त्या वर्षी बाप फारसा येतच नव्हता. गाण्यांना असल्या विसंगतीचं काही वाटत नाही.

स्टुडिओला जाताना जॉनसोबत टॅक्सीत मॉरीन क्लीव्ह होती. ‘इव्हनिंग स्टँडर्ड’ची ही पत्रकार बीटल्सच्या विश्वासातली. तिने कार्ड वाचलं आणि थकव्याचा उल्लेख असलेल्या एका ओळीवर बोट ठेवलं. ही ओळ लेचीपेची आहे, म्हणाली. जॉनने तिचंच पेन घेतलं आणि तिथल्या तिथे ओळ बदलली. मला या प्रसंगात जॉनची प्रतिभा दिसत नाही, त्याचा व्यवसाय दिसतो. रात्रभर जागून लिहिलेल्या ओळीवर कुणी टॅक्सीत नाक मुरडलं, तर आपल्यातले किती कवी पेन मागतील? बहुतेक जण टॅक्सी थांबवून उतरतील.

आता एक उलटापालटीची गोष्ट. आपल्या सिनेमात गाणं आधी होतं. ध्वनिमुद्रण उरकलं की सेटवर भोंग्यातून ते वाजतं आणि नट ओठ हलवतात. या सिनेमातली बाकीची बहुतेक गाणीही तशीच चित्रित झाली. शीर्षकगीताच्या बाबतीत मात्र चित्र पुढे गेलं आणि गाणं मागून आलं. सिनेमाची सुरुवात तुम्ही पाहिली असेल : मॅरिलबोन स्टेशनाशेजारच्या रस्त्यावरून तिघे धावत येतात, मागे पोरापोरींचा लोंढा, जॉर्ज हॅरिसन धाडकन तोंडावर आपटतो, रिंगो त्याच्यावर धडपडतो, पुढे धावणारा जॉन मागे वळून खदखदा हसतो. हे पडणं पटकथेत नव्हतं. जॉर्ज खरोखरच पडला आणि लेस्टरने तो तुकडा तसाच ठेवला. स्टेशनावरचं हे काम झालं 5 एप्रिलच्या रविवारी. गाणं रेकॉर्ड झालं 16 एप्रिलला. म्हणजे ती पोरं धावली तेव्हा ज्या गाण्यावर आज आपण त्यांना धावताना पाहतो ते अस्तित्वातच नव्हतं. धावणं होऊन गेलं होतं, आता त्याला शोभेल असं काहीतरी करून द्यायचं होतं.

16 एप्रिल, गुरुवार. अ‍ॅबी रोडवरच्या ईएमआय स्टुडिओतली दोन नंबरची खोली. वर काचेमागे निर्माता जॉर्ज मार्टिन आणि ध्वनिमुद्रक नॉर्मन स्मिथ. यंत्र चार ट्रॅकचं, आणि तेही बीटल्सच्या हाताला लागून सहाच महिने झालेले. नऊ टेक झाले, नववा ठेवला, आणि साधारण तीन तासांत गाणं तयार. हल्ली एवढ्या वेळात ड्रमचे माइक लावून होत नाहीत, असं रेकॉर्डिंगवाले मित्र सांगतात. त्यांच्या बोलण्यात कौतुक किती आणि स्वतःची सबब किती, ते मला कळत नाही.

या तीन तासांचा निम्मा बोलबाला एका ठोक्याचा आहे. गाणं सुरू व्हायच्या आधी एकच कॉर्ड वाजतो, झण्णकन, आणि दोन-तीन सेकंद हवेत राहतो. मार्टिनचा हिशेब सरळ होता. हे गाणं सिनेमाची सुरुवात करणार, तबकडीचीही सुरुवात करणार, तेव्हा पहिल्या आवाजालाच माणूस खुर्चीत ताठ बसला पाहिजे. पडदा वर जाताना वाजणाऱ्या घंटेचं काम त्या कॉर्डला करायचं होतं. ते त्याने केलं, आणि वर गिटारवाल्यांच्या काही पिढ्यांना कामाला लावलं.

माझा मामेभाऊ त्यातलाच. कॉलेजात असताना त्याने हप्त्याने गिटार घेतली आणि सुट्टीत तो आमच्याकडे आला की हा कॉर्ड शोधत बसायचा. कॅसेट उलटी फिरवायची, ठोका ऐकायचा, बोटं लावायची, तोंड वाकडं करायचं. ‘दादा, आलं बघ,’ असं मी म्हटलं की तो म्हणायचा, ‘शेजारचं काहीतरी आलंय. ते नाही आलेलं.’ आई स्वयंपाकघरातून विचारायची, की अरे याचं पुढचं गाणं कधी येणार आहे?

पुढचं गाणं यायचं नाही, कारण तो कॉर्ड एका गिटारवर येतच नाही. त्यात जॉर्जची बारा तारांची रिकनबॅकर आहे. ही गिटार तेव्हा इतकी नवी होती की कानाला तिचा झगमगाट ओळखीचाच नव्हता. फेब्रुवारीत चौघे पहिल्यांदा अमेरिकेत गेले, तेव्हा घसा धरून न्यूयॉर्कच्या हॉटेलात पडलेल्या जॉर्जच्या हाती ती आली होती. तिच्या जोडीला जॉनची गिब्सन, पॉलच्या बेसवरचा खालचा डी, रिंगोचा झांजेवरचा आघात आणि मार्टिनचा पियानो. हे सगळे एका क्षणी एकत्र आदळतात. कोण काय वाजवतंय यावर इतकी वर्षं वाद चालला, की शेवटी कॅनडातल्या डलहौजी विद्यापीठातले जेसन ब्राउन हे गणिताचे प्राध्यापक पुढे आले. त्यांनी त्या आवाजाचं फूरिये पद्धतीने विश्लेषण केलं, कोणत्या कंपनसंख्या किती जोराने हजर आहेत ते मांडलं आणि दाखवलं की नुसत्या गिटारींनी हा हिशेब लागत नाही, पियानो धरावाच लागतो. खुद्द जॉर्जला विचारलं तेव्हा त्याने आपल्यापुरतं सांगितलं : एफ, वरच्या तारेवर जी. बाकीचं बाकीच्यांना विचारा.

मला स्वतःला हा कॉर्ड कळला तो वेगळ्याच वाटेने, पेटीवर. गाणं जी मध्ये आहे. जी ला सा धरा. मग जॉर्जच्या बोटांखालचे स्वर होतात कोमल निषाद, रिषभ, मध्यम आणि वर षड्ज. पॉलचा डी म्हणजे पंचम. सा, रे, म, प आणि कोमल नी. मेघ किंवा मधमाद सारंग शिकलेल्या कुणालाही हे पाच स्वर ओळखीचे वाटतील. तिथे ते एकामागून एक उलगडतात, इथे एकदम अंगावर येतात. त्या चौघांना एप्रिल 64 मध्ये राग हा शब्दही माहीत असायचं कारण नव्हतं, तेव्हा यातून कसलाही संबंध जोडायला मी निघालो नाही. मुद्दा गंधाराचा आहे. त्या ठोक्यात गंधार नाही. गंधार नाही म्हणजे मेजर की मायनर याचा निर्णय नाही, म्हणजे आता आनंद होणार की उदासी ते सांगितलेलं नाही. त्यातून तळाला पंचम, त्यामुळे सा नेमका कुठे बसलाय तेही कानाला लगेच लागत नाही. मग जॉन गायला लागतो, खाली जी चा साधा मेजर येतो, त्यात शुद्ध गंधार असतो, आणि ताटकळलेला कान एकदम सैल होतो. जवळजवळ सगळ्या जगाला तो कॉर्ड आवडतो, पण खरी मजा त्याच्या लगेच पुढच्या क्षणात आहे असं माझं मत आहे. दादाला हे फोनवर सांगितलं तर म्हणाला, ‘पेटीवर सगळंच सोपं असतं.’

गाण्याचा मधला भाग पॉल गातो. शब्द जॉनचे, चाल जॉनची, मग आवाज पॉलचा का? कारण वरचे सूर जॉनला पोहोचत नव्हते, आणि हे त्याने स्वतःच कबूल केलेलं आहे. ऐकताना मात्र ही अडचण वाटत नाही. कामावरून आलेल्या माणसाचा जाडाभरडा, जरा घासलेला आवाज आणि घर आठवलं की त्याच्यातूनच वर उठणारा दुसरा स्वच्छ आवाज, अशी ती वाटणी ऐकू येते. कुणी ठरवून केली असती तर समीक्षकांनी तिच्यावर लेख लिहिले असते. त्या भागात गाईच्या गळ्यातली घंटा वाजते, आणि मागे बोंगो चालू असतात. हे मागाहून चढवलेले थर. त्यांचा मोठा डामडौल नाही, पण काढून टाका आणि बघा, धावणारी पोरं चालायला लागतील.

सोलोची गोष्ट जरा थांबून सांगायला हवी. मधला गिटारचा तुकडा खूप भरभर आहे आणि जॉर्जला तो त्या दिवशी त्या वेगाने सफाईदार जमत नव्हता. मार्टिनने टेपचा वेग निम्मा केला. टेप निम्म्या वेगाने फिरली की तिच्यावरचं आधीचं वाजवणं निम्म्या लयीत येतं आणि एक सप्तक खाली उतरतं. विलंबित, घोगरं, ओळखू न येणारं. त्या संथ चिखलात जॉर्ज गिटारवर आणि मार्टिन पियानोवर तोच तुकडा बरोबरीने वाजवतात, सावकाश, एकेक स्वर जागेवर ठेवत. मग टेप पुन्हा मूळ वेगावर आणली, की दुगुन होते, सप्तक वर चढतं आणि असा एक आवाज बाहेर पडतो जो गिटारचाही नाही आणि पियानोचाही नाही. प्रत्येक स्वराचं टोक जरा जास्तच टोकदार. खरं वाद्य इतक्या घाईत इतकं नेटकं मरत नाही.

ही लबाडी झाली का? आपल्याकडच्या बैठकीच्या संस्कारात वाढलेल्या माणसाला हा प्रश्न पडणारच. तान गळ्यातून निघाली पाहिजे, यंत्रातून नव्हे. मलाही पडला होता. पण पुढे कार्यक्रमांत जॉर्ज तो तुकडा पूर्ण वेगाने वाजवत असे, तेव्हा हात कच्चा होता असंही म्हणता येत नाही. त्या दिवशी वेळ नव्हता, एवढंच. आणि वेळ नसल्यामुळे जो आवाज निघाला, तो वेळ असता तर निघालाच नसता. लबाडी म्हणायची तर म्हणा. माझी तक्रार नाही.

शेवटही असाच. त्या काळची बीटल्सची गाणी बऱ्याचदा ठोस कॉर्डवर थांबत, दार लावल्यासारखी. हे गाणं तसं थांबत नाही. पहिल्या ठोक्यातलेच स्वर जॉर्ज सुटे करून, गोल गोल वाजवत राहतो आणि आवाज विरत जातो. लेस्टरला गाण्यातून पुढच्या प्रसंगात अलगद उतरायचं होतं, तर शेवट तरंगता द्या, अशी त्याची मागणी होती. सिनेमा न पाहता नुसती तबकडी ऐकणाऱ्या लक्षावधी लोकांनी मात्र त्या विरण्याचे आपापले अर्थ लावले.

म्हणजे या गाण्यात जे जे म्हणून वेगळं आहे, सुरुवातीचा ठोका, दोघांचा गळा, सोलो, शेवट, त्या प्रत्येकामागे कुणाची तरी नड उभी आहे.

बाकी हकिगत सर्वांना ठाऊक आहे. 6 जुलैला पिकॅडिलीच्या लंडन पॅव्हिलियनमध्ये राजकन्या मार्गारेटच्या उपस्थितीत पहिला खेळ झाला, 10 तारखेला तबकडी आली आणि गाणं इंग्लंड-अमेरिकेत दोन्हीकडे पहिल्या क्रमांकावर गेलं. पुढे ऑस्करच्या नामांकनांत पटकथेसाठी ओवेनचं आणि संगीत-संयोजनासाठी मार्टिनचं नाव होतं. उत्तम गाण्याच्या यादीत मात्र हे गाणं नव्हतं. असल्या गोष्टी वाचल्या की पारितोषिकांवरचा आपला विश्वास दृढ होतो. पलीकडे अमेरिकेत रॉजर मॅग्विन या तरुणाने थिएटरात जॉर्जच्या हातातली बारा तारांची गिटार पाहिली, तशीच विकत घेतली आणि तिच्या आवाजावर ‘द बर्ड्स’ हा बँड उभा राहिला. पुढच्याच वर्षी पीटर सेलर्सने याच गाण्याचे शब्द शेक्सपिअरच्या तिसऱ्या रिचर्डच्या थाटात, लॉरेन्स ऑलिव्हिएची नक्कल करत, नुसते बोलून दाखवले आणि त्याचीही तबकडी खपली. मिळाली तर जरूर ऐका. चाल काढून घेतल्यावर ते शब्द किती साधे, जवळजवळ बाजारहाटाच्या यादीइतके साधे आहेत, हे तिथे उघडं पडतं.

आपल्याशी याचा संबंध आला तो चार वर्षांनी, जॉर्जमुळे. दुसऱ्या सिनेमाच्या सेटवर त्याच्या हाती सतार लागली आणि तिथून तो कुठल्या कुठे गेला. जानेवारी 1968 मध्ये तो मुंबईत एचएमव्हीच्या स्टुडिओत बसला होता, ‘वंडरवॉल’ नावाच्या सिनेमाचं संगीत करायला. समोर शिवकुमार शर्मा, हरिप्रसाद चौरसिया अशी मंडळी, तेव्हा तीही तिशीच्या आतबाहेरची. हेही ऑर्डरीचं काम, दिलेल्या चित्राला संगीत पुरवायचं. अ‍ॅबी रोडचा लाडका पोरगा इथे आला तर स्टुडिओत स्टिरिओ यंत्र नाही. कंपनीचे भास्कर मेनन यांनी दोन ट्रॅकचं एक यंत्र कोलकात्याहून आगगाडीने मुंबईला आणलं. त्या दिवसांत सिनेमाच्या कामातून वेळ उरला म्हणून जॉर्जने एका गाण्याचा वाद्यमेळही इथेच करून घेतला, लंडनला नेला आणि त्यावर शब्द गायले. ‘द इनर लाइट’ हे ते गाणं. मार्चमध्ये ते बीटल्सच्या तबकडीच्या दुसऱ्या बाजूला लागलं. पहिल्या बाजूला पॉलचं होतं.